उलटी गुंडाळी

आमच्या भाऊजींबद्दल मी कुणाला काही सांगायला लागले की ते लगेच म्हणतात, "वहिनी, तुम्हाला दुसरं काही काम नाही का?" काम आहे, चिक्कार आहे. पण आमचे हे होते तोवर ही गोष्ट तोंडातून काढायची सोय नव्हती. आता हे नाहीत, आणि पोटात ठेवून ठेवून माझंच पोट दुखायला लागलंय. भाऊजी रागावले तर रागावू देत बापडे. आजवर माझ्यावर कधी रागावले नाहीत, ही एक मोठीच खोट आहे त्यांच्यात.

भाऊजी म्हणजे माझे धाकटे दीर. लग्न केलं नाही, आमच्याकडेच राहिले. नोकरी संग्रहालयात. चित्रं भिंतीवर टांगायची, उतरवायची, पुसायची, चौकटी दुरुस्त करायच्या, हे त्यांचं काम. घरात त्यांचं नाव पाणसळ. भिंत, फरशी आडवी बरोबर आहे का ते बघायला गवंडी बुडबुड्याची पट्टी लावतात ना, ती पाणसळ. हे नाव ठेवलं आमच्या ह्यांनी, आणि ते चिकटलं ते चिकटलंच, कारण कुठलीही वाकडी गोष्ट भाऊजींना बघवायची नाही. घरातलं कॅलेंडर सोडा, लोकांच्या घरातलीसुद्धा सरळ करायचे. एकदा अंगात सणसणून ताप, डॉक्टरकडे नेलं. डॉक्टर म्हणाले, "आ करा." तर भाऊजी म्हणतात, "आधी तुमचं ते प्रमाणपत्र सरळ करू का?" मला तर मेल्याहून मेल्यासारखं झालं.

आमचे हे अगदी उलटे. नळकाम करायचे. बोलणं म्हणजे तिसऱ्या गल्लीत ऐकू जाणार. हसले की भांडी वाजायची. वडील लवकर गेले, तेव्हा ह्यांनी स्वतः शाळा सोडली, पान्हा हातात घेतला आणि भावाला मात्र शिकवलं. त्याबद्दल ह्यांच्या तोंडून कधी एक शब्द नाही. भाऊजींच्याही तोंडून नाही. दोघं एकमेकांशी बोलायचे ते फक्त थट्टेत. हे म्हणायचे, "आलास का रे भिंतीला खिळे ठोकून?" ते म्हणायचे, "आलो. तू आलास का गटारात पोहून?" झालं, बंधुप्रेम संपलं.

संग्रहालयात मी अधूनमधून जायची, भाऊजी डबा विसरले की. डबा विसरायचे, पण कुठल्या दालनात कुठलं चित्र किती उंचीवर आहे ते झोपेत विचारा. मला चित्रांतलं काही कळत नाही, सांगून टाकते. पण एक चित्र मला आवडायचं. भिंतभर होतं, अक्षरशः भिंतभर. नदीवर कपडे धुणाऱ्या बायका. कुणी आपटतेय, कुणी पिळतेय, आणि मध्यभागी एक बाई कमरेवर हात ठेवून दुसरीशी कडाकडा भांडतेय. तोंड असं उघडं की आवाज ऐकू यावा. मी पहिल्यांदा ते बघितलं आणि बघतच राहिले. भाऊजी हळूच म्हणाले, "ओळखीची वाटते ना?" मी म्हटलं, "डबा घ्या आणि गप्प बसा."

मग लढाई जवळ आली. आधी ती वर्तमानपत्रात होती, मग रेडिओवर आली, मग खिडकीच्या काचा थरथरायला लागल्या. लोकांनी काचांवर कागदाच्या पट्ट्या चिकटवल्या. संग्रहालय बंद झालं, म्हणजे लोकांना बंद झालं. आत भाऊजींचं काम दुप्पट. घरी यायचे ते केसात भुसा, बोटांना चिकटपट्टीची खळ. मग एक दिवस माझं कपाट उघडून चादरी मोजायला लागले.

मी म्हटलं, "हे काय चाललंय?"

"मऊ कापड संपलं वहिनी. पुतळ्यांना गुंडाळायचंय."

"पुतळ्यांना थंडी वाजते का? की आम्हाला वाजत नाही?"

"तुम्ही पडलात तर तुटणार नाही," असं म्हणून चांगल्यातल्या चांगल्या चादरी घेऊन गेले. मी बोटं मोडत बसले.

ही सगळी चित्रं जाणार होती कुठे, तर डोंगरापलीकडच्या एका गावातल्या रिकाम्या तुरुंगात. संग्रहालयाच्या मुख्य होत्या एक बाई, त्यांना सगळे नुसतं बाई म्हणायचे. हुशार बाई, आणि हातात ब्रश घेतला तर कारागिरांच्या तोडीची. त्यांनी जागा शोधली. जाड दगडी भिंती, छोट्या खिडक्या, कोरडी हवा, आणि कुलपं आधीपासून लावलेली. हे बिछान्यावर पडल्या पडल्या म्हणाले, "वा! इतकी वर्षं माणसं आत होती आणि चित्रं बाहेर. आता राजे-महाराजे जातील कोठडीत."

बिछान्यावर पडल्या पडल्या म्हणते, कारण ह्यांचा पाय मोडला होता. बॉम्बनं फुटलेली पाण्याची मोठी नळी दुरुस्त करायला खड्ड्यात उतरले आणि बाजूची भिंत अंगावर आली. मांडीचं हाड गेलं. कमरेपासून बोटांपर्यंत प्लास्टर, ओंडक्यासारखं. डॉक्टरांनी हलू नका म्हणून बजावलं आणि दोनच दिवसांनी स्वतः हलले, अख्खं इस्पितळ गाड्यांत घालून दुसरीकडे गेलं. ह्यांना म्हणाले, तुम्ही घरीच बरे.

घरीच बरे! गल्ली रोज थोडी थोडी रिकामी होत होती. समोरच्या शिंप्यानं मशीन डोक्यावर घेतलं आणि गेला. वाणी गेला. शेजारीण म्हणाली, आमच्याबरोबर चला. चालत जायचं होतं, डोंगर चढून. प्लास्टरमधला नवरा घेऊन मी काय पाठुंगळीला मारू? हातगाडी शोधली, तर तिची चाकंसुद्धा लोकांनी नेली होती. हे म्हणायचे, "तू जा. मी आहे इथे. शत्रू आला तर त्याचा नळ दुरुस्त करून देईन." आणि हसायचे. पण मी पाणी आणायला खाली गेले की वरून हाक मारायचे, मी आहे ना ते बघायला. पूर्वी कधी असं करायचे नाहीत.

त्यात कळलं की संग्रहालयाची शेवटची मोटार दुपारी निघणार, आणि ती गेली की नदीवरचा पूल गाड्यांना बंद. मी पायात चपला सरकवल्या आणि तडक संग्रहालय गाठलं. मोठ्या दालनात गेले तर भिंती उघड्याबोडक्या. जिथे जिथे चित्रं होती तिथे रंगाचे चौकोन तेवढे राहिलेले. आणि मधोमध फरशीवर तागाचं कापड अंथरून ते भिंतभर चित्र पालथं घातलेलं. ते तसं खोक्यात मावणार नव्हतं, म्हणून भाऊजींनी त्याला मागच्या लाकडी चौकटीवरून सोडवलं होतं आणि माणसाच्या कमरेएवढ्या जाड पोकळ रुळावर गुंडाळायला घेतलं होतं. गुडघ्यांवर बसून, एक एक वीत.

मी सुरुवात केली. माझा पट्टा सुटला की थांबत नाही, हे जगजाहीर आहे.

"मोटारीत किती जागा आहे?"

"एका माणसाची. चित्राबरोबर मला जायचंय. बाईंचा हुकूम आहे."

"आणि तुमचा भाऊ?"

भाऊजींनी रूळ वीतभर पुढे ढकलला.

"मी विचारतेय, तुमचा भाऊ? चित्राला गाडी, चित्राला गादी, चित्राला माझ्या चांगल्या चादरी! आणि ज्यानं तुम्हाला शिकवलं तो काय तिथे छताकडे बघत मरू दे? अहो, पाय मोडलेलं कुत्रंसुद्धा कुणी असं टाकून जात नाही!"

"वहिनी," ते म्हणाले, "ते टोक धरा जरा. एकट्याला सरळ जात नाहीये."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण टोक धरलं. काय करणार, समोर माणूस गुडघ्यांवर बसलेला, घामानं निथळलेला. मी एका टोकाला, ते दुसऱ्या टोकाला, मध्ये रूळ. मी भांडतेय आणि गुंडाळतेय, भांडतेय आणि गुंडाळतेय. प्रत्येक फेऱ्याला वरून पातळ कागद घालायचा. मला आठवतंय, ती कमरेवर हात ठेवलेली बाई फरशीवरून उचलली गेली, रुळाबरोबर वर आली, तिचं उघडं तोंड माझ्या तोंडासमोर आलं, आणि आम्ही दोघी क्षणभर एकमेकींवर ओरडत होतो. भाऊजी म्हणाले, "तिथे कागद नीट घाला, तिच्या तोंडावर सुरकुती नको." मी कागद घातला. नीट घातला.

गुंडाळून झालं, पट्ट्या बांधून झाल्या, तशी ते उठले. गुडघे झटकले. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "दादाला इथे आणायला दोन माणसं पुरतील का?"

मी म्हटलं, "आणि तुम्ही?"

"मी मागून येतो की. पुतळे राहिलेत काही, वाळूच्या पोत्यांत पुरायचे. कुणीतरी हवंच इथे." भाऊजी इतक्या सहज म्हणाले, जसं काही भाजी आणायला राहत होते.

ह्यांना आणलं ते चित्रं वाहायच्या फळीवर, पट्ट्यांनी बांधून. जिन्यावरून उतरवताना हे हमालांना म्हणत होते, "जपून रे, मी जुना आहे, माझी किंमत वाढलेली आहे." मोटारीत मागे गुंडाळी दोन लाकडी घोड्यांवर आडवी ठेवली होती. रुळाची टोकं तेवढी घोड्यांवर, चित्र कुठेच टेकलेलं नाही. तिच्या बाजूला गादी टाकून ह्यांना झोपवलं. भाऊजी आत चढले, भावाच्या डोक्याखाली स्वतःचा कोट घातला आणि म्हणाले, "दादा, एकच काम. हिला काही टेकू द्यायचं नाही. हात नाही, डोकं नाही, काही नाही. वजन सोसत नाही तिला."

"अरे, मी काय मिठी मारणार आहे का तिला? तुझी वहिनी बघतेय," हे म्हणाले. ताडपत्री पडली आणि मोटार गेली.

बाईंना दुसऱ्या दिवशी भाऊजी तळघरात वाळू भरताना सापडले. बाई म्हणाल्या, "तुम्ही इथे कसे?" भाऊजी म्हणाले, "गाडीत जागा नव्हती, बाई." बाईंनी फार झापलं म्हणतात. मग त्याही पदर खोचून वाळू भरायला लागल्या. पुढे त्या दोघांनी ते सगळे वाईट दिवस शहरातच काढले. छप्पर उडालं, अर्धा जिना गेला, पण पुतळे पोत्यांखाली शाबूत राहिले. ते सगळं सांगायला लागले तर वेगळी कथा होईल आणि भाऊजी ती सांगतच नाहीत. विचारलं की म्हणतात, "थंडी होती."

मी शेजारणीबरोबर चालत डोंगर ओलांडला. पाय सुजले, नखं गेली, पण पोचले. ह्यांना तुरुंगाच्या पहारेकऱ्याच्या रिकाम्या खोलीत ठेवलं होतं. मला बघितल्यावर एवढा मोठा माणूस लहान पोरासारखा रडला. मीही रडले. मग म्हटलं, "प्रवास कसा झाला?" तर म्हणाले, "झाला." एवढंच. ह्यांच्या तोंडून एका शब्दाचं उत्तर! मला वाटलं, दुखणं.

प्लास्टर निघालं, पाय आखूड राहिला, काठी आली. गावातले नळ दुरुस्त करून आमचं भागायला लागलं. पण ह्यांना एक नवीनच खूळ लागलं. काम संपलं की जाऊन त्या कोठडीच्या दारात बसायचं, जिथे ती गुंडाळी ठेवली होती. मोहोरबंद दार, आत काही दिसायचं नाही. तरी बसायचे. पाऊस आला की उठून भिंतींना हात लावून बघायचे, ओल नाही ना. मी चिडवायची, "जन्मभर नळ बघितले, आता म्हातारपणी कलेचं वेड!" एरवी माझ्या एका शब्दाला चार परत करायचे. आता नुसते हं म्हणायचे. आणि झोप उडाली. कूस बदलत पडून राहायचे. विचारलं तर पाय दुखतो म्हणायचे. पायाला तेल चोळून चोळून माझे हात गेले, पण दुखणं पायात नव्हतंच, हे मला काय ठाऊक.

एकदाची लढाई संपली. रस्ते उघडले आणि चित्रं परत न्यायला बाई आणि भाऊजी आले. भाऊजींना मी ओळखलंच नाही. गालफडं बसलेली, सदरा अंगावर टांगल्यासारखा. ह्यांनी काठी टाकली आणि भावाला धरलं. मग हे म्हणाले, "काय रे, जेवायला विसरलास की काय एवढे दिवस?" आणि भाऊजी म्हणाले, "डबा आणायला कुणी नव्हतं." मी पदरानं डोळे पुसत स्वयंपाकाला पळाले.

दुसऱ्या दिवशी बाई आतल्या कोठड्या तपासत होत्या. भाऊजींनी गावातले दोन हमाल घेतले आणि ती गुंडाळी तुरुंगाच्या अंगणात आणली. तागाचं कापड अंथरलं. मी आणि हे भिंतीला टेकून उभे. मी मजेत होते, मला माझ्या त्या भांडखोर बाईला बघायचं होतं. भाऊजींनी पट्ट्या सोडल्या, कागद काढला, दोन फेरे उलगडले आणि थांबले.

मधल्या भागात रूळ दबला होता. पुरता चेपला होता. आणि तिथून चित्रावर भेगा गेल्या होत्या, एकीखाली एक, एकीखाली एक, रंग उडालेला, पोपडे कागदाला चिकटलेले. नेमक्या त्या बाईच्या तोंडावरून सगळ्यात मोठी भेग.

मी काही म्हणायच्या आत शेजारी काठी पडल्याचा आवाज आला. हे भिंतीला धरून खाली बसले होते. चेहरा पांढराफटक.

"मी केलं," हे म्हणाले. "मीच केलं रे हे."

भाऊजींनी वर बघितलं.

"चढावर पाय फार दुखायला लागला. जीव जातो की काय असं झालं. म्हटलं, जरासा वर टेकवावा. जरासाच. तुझ्या त्या रुळावर टेकवला, तर बरं वाटलं. मग डोळा लागला. जाग आली तेव्हा गाडी डोंगराच्या या बाजूला होती आणि तो ओंडका तिच्यावर तसाच." ह्यांनी त्या आखूड पायावर मूठ मारली. "तू एकच काम सांगितलं होतंस. एक. मला तेवढंही... तुझी जागा घेतली आणि हे केलं."

मी माझ्या नवऱ्याला आजारी बघितलंय, उपाशी बघितलंय, पुढे जाताना पण बघितलं. पण तसा त्या दिवशीचा चेहरा मी पुन्हा बघितला नाही आणि देवाशपथ बघायचाही नाही.

भाऊजी गुडघ्यांवर बसलेले होते. त्यांनी एकदा चित्राकडे बघितलं, एकदा भावाकडे. मग कपाळावर हात मारून घेतला आणि म्हणाले, "काय बोलतोस दादा? पायानं कधी असं होतं का? हे बघ, इकडे बघ. चित्र बाहेरच्या बाजूला आहे. दिसतंय? मी उलटी गुंडाळली. घाईत उलटी गुंडाळली. चित्र आत जायला हवं होतं."

"आत?"

"मग? तू वर्तमानपत्र गुंडाळतोस तेव्हा मजकूर जपायचा असेल तर बाहेर ठेवशील का? बाहेर ठेवलं की रंग ताणला जातो, तडकतो. असा रूळ चेपला काय नि न चेपला काय, भेगा पडणारच होत्या. पाय सोड, हत्ती झोपला असता तरी फरक नव्हता. वहिनी इतक्या भांडत होत्या की माझं लक्षच नव्हतं."

आता आलंच ना माझ्यावर! मी म्हटलं, "म्हणजे माझ्यामुळे?"

"तुमच्यामुळे नाही. माझ्यामुळे. माझा हात चुकला."

तेवढ्यात बाई अंगणात आल्या. उलगडलेल्या भागाकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. मग विचारलं, "हे कसं झालं?"

"मी उलटी गुंडाळली होती, बाई," भाऊजी म्हणाले. "चित्र बाहेर ठेवलं."

बाईंनी त्यांच्याकडे बघितलं. मग भिंतीपाशी बसलेल्या ह्यांच्याकडे, त्या आखूड पायाकडे, पडलेल्या काठीकडे. मला वाटलं, आता भाऊजींची नोकरी गेली. बाई वाकल्या, काठी उचलून ह्यांच्या हातात दिली आणि भाऊजींना म्हणाल्या, "असं व्हायला नको होतं. पुन्हा लक्षात ठेवा." आणि उरलेलं चित्र सोडवायला स्वतः खाली बसल्या.

त्या दुपारी हे जेवले. दोनदा वाढून घेतलं. आणि जेवण झाल्यावर तिथेच आडवे झाले, ते संध्याकाळपर्यंत घोरत होते. मी तर मनात भाऊजींना शिव्या घातल्या. एवढे पाणसळ, एवढे शहाणे, आणि त्यांच्या चुकीपायी माझा नवरा एवढे दिवस तळमळला!

मग आम्ही शहरात परत आलो. ते चित्र दुरुस्त करायला बाईंना आणि भाऊजींना काही वर्षं लागली. टाक्याइतके बारीक ब्रश घेऊन दोघं त्या भेगा भरत बसायचे. पुष्कळ भरल्या, पण जवळ गेलं की दिसतात. आणि घरात ही एक थट्टाच होऊन बसली. ह्यांचा जुना आवाज परत आला होता. कुणी पाहुणा आला की हे सांगायचे, "हा माझा भाऊ. शहरातली सगळी कॅलेंडरं यानं सरळ केली, आणि जन्मात एकदा खरं काम आलं तेव्हा गुंडाळी उलटी केली!" आणि भांडी वाजतील असं हसायचे. भाऊजी मान खाली घालून चहा प्यायचे. मीही तेल ओतायची, खोटं कशाला बोलू. "रंग आत ठेवायचा एवढंही कळू नये?" म्हणायची.

भाऊजी निवृत्त झाले तेव्हा संग्रहालयातली काही मंडळी घरी आली होती. त्यात एक नवीन मुलगी होती, बाईंच्या हाताखाली तयार झालेली, चित्रं दुरुस्त करणारी. ह्यांनी नेहमीप्रमाणे आपली गोष्ट सुरू केली, चित्र बाहेर ठेवलं आणि भेगा पडल्या, वगैरे वगैरे. सगळे हसले. बाई नुसत्याच हसल्यासारखं करून खिडकीबाहेर बघायला लागल्या. ती मुलगी कप घेऊन माझ्यामागोमाग स्वयंपाकघरात आली.

"काकू," ती म्हणाली, "काका असं काय सांगतात? कॅनव्हास गुंडाळायचा तो चित्र बाहेर ठेवूनच. आत ठेवलं की रंग एकमेकांवर दाबला जातो आणि तुटतो. आम्हाला पहिल्या आठवड्यात शिकवतात हे. आणि शिकवलं कुणी, तर त्यांनीच." म्हणजे भाऊजींनी.

माझ्या हातातली किटली तशीच राहिली. ते दालन डोळ्यांपुढे आलं, गुडघ्यांवर बसलेले भाऊजी, आणि ती बाई, तोंड उघडून माझ्यासमोर वर येणारी. तिच्या तोंडावर सुरकुती नको म्हणून कागद मागणारा माणूस, घाईत होता म्हणे! बरोबर गुंडाळली होती. अगदी बरोबर.

मी त्या मुलीचा दंड धरला. म्हटलं, "हे बाहेर जाऊन बोललीस तर बघ."

ती घाबरली बिचारी. मी तिला कप विसळायला लावलं आणि भाऊजींना जिन्यात गाठलं. ते पाहुण्यांच्या चपला सरळ रांगेत लावत होते.

"भाऊजी, चित्र बाहेरच ठेवायचं असतं?"

त्यांच्या हातात एक चप्पल होती, ती त्यांनी हळूच खाली ठेवली. "कुणी सांगितलं?"

"ते सोडा. म्हणजे हा पाय..."

"हळू बोला वहिनी."

"मला तरी सांगायचं होतं! इतकी वर्षं मी तुम्हाला वाटेल ते बोलत आले!"

"तुम्हाला सांगितलं असतं तर ते संध्याकाळपर्यंत शिंप्याकडे पोचलं असतं."

हे खरं होतं, म्हणून मला जास्तच राग आला. आणि रडूही आलं. मी म्हटलं, "अहो, पण तुमच्या हाताचं नाव गेलं. लोक हसतात तुम्हाला. तुमच्याच घरात बसून हसतात."

"दादा हसतो ना," ते म्हणाले. "तुम्ही त्या दिवशी त्याचं तोंड बघितलंत. तो माझ्यापुढे असा खाली बसला होता, वहिनी. दादा. माझ्यापुढे." त्यांनी ती चप्पल पुन्हा उचलली आणि रांगेत ठेवली.

आतून ह्यांचा आवाज आला, तिसऱ्या गल्लीत जाईल असा. "अगं, कुठे आहेस? आणि तो कुठे गेला पाणसळ? त्याला कुणी तरी विचारा रे, हे उलटं गुंडाळायला शिकला कुठे!"

मी डोळे पुसले आणि आत गेले. ती मुलगी दारात कप घेऊन उभी, माझ्याकडे बघत होती. बाई माझ्याकडे बघत होत्या. हे माझ्याकडे बघत होते, हसायला तयार, मी नेहमीचं बोलते कधी याची वाट बघत.

"खरंच हो," मी म्हटलं, "एवढी साधी गोष्ट, लहान पोरालाही कळेल. चित्र आत ठेवायचं."

आणि हे पोट धरून हसायला लागले.